शरयूचा कमी बोलणारा चेअरमन

शरयू गेली त्या सकाळी तिच्या मुलीचा, मुक्ताचा फोन आला. "नाना, आई गेली... झोपेतच." आजारपण लांबलं होतं, बातमी अनपेक्षित नव्हती. तरी फोन हातात धरून मी कितीतरी वेळ गॅलरीत बसून राहिलो.

'पाणी आलं का?' ही मालिका पाहणाऱ्यांना शरयू माहीत असेल ती नामावलीतल्या दोन शब्दांपुरती : लेखिका, निर्माती. मार्केट यार्डात तिच्या वडिलांचा कांदा-बटाट्याचा गाळा होता. शाळा सुटली की ती पोत्यांवर बसून अडत्यांची आणि गिऱ्हाइकांची जुगलबंदी ऐकायची. थाप मारताना माणूस जास्त गोड बोलतो, हे तिथेच कळलं म्हणायची. पुढे बरीच वर्षं तिने इतरांसाठी मालिका लिहिल्या. स्वतःची विनोदी मालिका घेऊन गेली, तर वाहिनीने त्यात कपटी सासू घालायला सांगितली. "सोसायटीला पाणी नाही, तेवढं कपट पुरे," म्हणून ती उठली, दुसरी वाहिनी गाठली आणि स्वतःच निर्माती झाली.

त्या मालिकेत मी सोसायटीचा चेअरमन. अखंड बोलणारा, दुसऱ्याला बोलू न देणारा. मालिका भरात असताना मला अर्धांगाचा झटका आला. हातपाय सावरले, वाचा मात्र गेली. समोर कप दिसायचा, 'कप' हा शब्द सापडायचा नाही. नवा चेअरमन शोधा, असा वाहिनीचा निरोप आला. मी मनाने निवृत्त झालो होतो...

शरयू घरी आली. "अहो नाना, चेअरमन आता कमी बोलणार. सोसायटी पेढे वाटेल!" झटक्यानंतर मी पहिल्यांदा हसलो. मग ती वरचेवर येऊ लागली. माझे वाचेचे व्यायाम चालू असताना कोपऱ्यात बसायची. कोणते शब्द मला येतात, कुठे अडतो, ते ऐकायची आणि त्याच शब्दांतून माझी भूमिका लिहायची.

परतल्यावरचा पहिला प्रसंग सोसायटीच्या सभेचा. टाकी धुतल्याच्या बढाया सेक्रेटरी मारतोय. सगळे माझ्याकडे पाहतात. मी तोंड उघडतो... शब्द येत नाही... मग येतो. "थाप!" सेटवर दिवे सांभाळणारेही हसले. संकलकाला मधली शांतता कापायची होती. शरयू म्हणाली, "हात लावायचा नाही. लोक थांबतील नानांसाठी." थांबले. पुढे स्वारगेटला एका बाईंनी मला ओळखलं. "आमच्या बाबांनाही असंच झालंय. लाजेने बोलायचेच नाहीत. आता जेवताना 'थाप' म्हणतात आणि स्वतःच हसतात." हे शरयूला सांगितलं, तर तिने चष्मा पुसायला घेतला. बराच वेळ पुसत होती.

मालिका चालू आहे. शरयूच्या हाताखाली तयार झालेली मंडळी लिहितात, मुक्ता निर्मिती पाहते. परवा शरयूच्या जाण्यानंतरचं पहिलं वाचन तिच्याच घरी झालं. वाचनाच्या वेळी शरयू आमच्याकडे पाठ करून, खिडकीकडे तोंड करून बसायची. हसू शब्दांनी आलं पाहिजे, आमचे चेहरे बघून नव्हे, म्हणून. तिची खुर्ची तशीच होती. कुणी बसेना. शेवटी मुक्ता जाऊन बसली. माझं वाक्य आलं. अडखळलो, सावरलो, म्हणालो. मुक्ताचे खांदे हलू लागले. आम्ही कागद खाली ठेवले... ती वळली. डोळे भरले होते, पण हसू आवरत नव्हतं.

"नाना," ती म्हणाली, "पुन्हा वाचा की."