कढीपत्त्यावरचा काठ

आमच्या मुलुंडच्या बिल्डिंगमध्ये सगळे एकमेकांना 'जेवलात का?' असं विचारत. धुरीभाऊजी मात्र विचारत, "बाई, आज काय बघल्यात?" 'काही नाही' हे उत्तर त्यांना चालत नसे. ते फाटकात वाट अडवून उभे राहत. एकदा शाळेच्या घाईत मी 'कावळा' म्हणून सुटका करून घ्यायला गेले, तर लगेच पुढचा प्रश्न आला, "चोच उघडी होती की मिटलेली?" मी म्हटलं, "उघडी... नाही, मिटलेली." "मगे तुमी कावळो बघूकच नाय," असं म्हणून ते बाजूला झाले.

रेवा, निहार, तुम्ही त्यांना पाहिलेलं नाही, म्हणून आधी नीट ओळख करून देते. गणपत धुरी मूळचे मालवणकडचे, तळमजल्यावर आमच्या शेजारी राहणारे. उंच, किडकिडीत, कानावर कायम पेन्सिल. गिरणीत ते साड्यांच्या काठांची नक्षी काढत. चौकटींच्या कागदावर एक चौकट म्हणजे एक धागा. अशा चौकटी ते एकेक करून रंगवत. जवळून बघितलं तर नुसते चौकोन, आणि कागद लांब धरला की वाऱ्यावर हलणारी चिंचेची डहाळी! नमुन्यांच्या पुस्तकातले मोर आणि कैऱ्या त्यांना खपत नसत. "तां दुसऱ्यान बघलेला," ते म्हणत. "जां मी बघूक नाय, तां मी काढूचंय नाय."

मी तेव्हा हायस्कूलला इंग्रजी शिकवत होते. एका संध्याकाळी तुमच्या आईला एक इंग्रजी कविता समजावून सांगत होते. सगळी कविता एका फुलावर. भाऊजी दारात उभे राहून ऐकत होते.

"बाई, ह्या फूल तुमी बघल्यात?"

"नाही हो. ते विलायतेत उगवतं."

"मग पोरांका काय सांगतल्यात?"

"अर्थ सांगते. वहीत लिहून देते."

ते इतके हसले की कानावरची पेन्सिल खाली पडली. मला खरंच राग आला. माझ्या वह्या, माझे समास, माझे अर्थ, सगळं जागच्या जागी होतं. त्यात या माणसाला हसण्यासारखं काय दिसलं?

पुढे त्यांची गिरणी बंद पडली. दुसरं वर्ष लागलं तरी हाताला काम नव्हतं. धुरीवहिनींनी गावी जायची भाषा सुरू केली. अशात मालाडच्या एका कारखानदाराने निरोप धाडला, "शुक्रवारी अकरा वाजता ये. कधी कुणी बघितला नाही असा काठ दाखव. पसंत पडला तर काम तुझं." वहिनी मला म्हणाल्या, "बाई, ह्यावेळी जमलं नाही तर आम्ही खोलीला कुलूप लावून जाणार. ह्यांना सांगा, एक मोर काढून टाका म्हणावं!"

भाऊजी मोर काढणार नव्हतेच. ते रोज सकाळी स्टूल घेऊन माझ्या खिडकीखाली बसत. तिथे रॉकेलच्या जुन्या डब्यात माझा कढीपत्ता होता. काय बघता, असं विचारलं की म्हणत, "झाल्यावर सांगतंय." मला वाटायचं, बिचाऱ्याला काम नाही, बसतो.

आणि गुरुवारी सकाळी मी काय केलं? आमटीला कढीपत्ता तोडायला गेले, तर खालच्या दोन फांद्या किड्यांनी खाऊन पार ओक्याबोक्या झालेल्या. मला असं ओंगळ दिसलेलं कधी सहन झालं नाही. कात्री आणली, फांद्या कापल्या, वर्तमानपत्रात गुंडाळल्या आणि तुमच्या आईला कचराकुंडीत टाकायला पाठवलं. टवटवीत पानं फोडणीत गेली. झाड कसं देखणं दिसायला लागलं!

साडेआठला भाऊजी स्टूल घेऊन आले. डब्याकडे बघितलं. स्टूल त्यांच्या हातातच राहिलं.

"बाई... खालची फांदी खंय?"

मी मोठ्या अभिमानाने सांगितलं. ते पायरीवर बसले आणि सांगू लागले. त्या फांदीला फुलपाखराचा कोश होता. अंड्यापासून ते बघत आले होते. आधी पक्ष्याच्या विष्ठेसारखी दिसणारी अळी, मग पोपटी, मग कोश. कालच तो काळवंडला होता, म्हणजे आज-उद्या फुटणार!

"आई, वाट लागली!" तुमची आई ओरडली. "कचऱ्याची गाडी येईल ना आता!"

मग आम्ही तिघं धावलो. कडक इस्त्रीच्या साडीत मी कचराकुंडीपाशी गुडघे टेकून बसले, कोपरापर्यंत हात आत घातले. वरच्या मजल्यावरून कुणी तरी विचारलं, "बाई, परीक्षेचे पेपर हरवले का हो?" एक पुडकं उघडलं, दुसरं उघडलं, तिसऱ्यात फांदी! कोश शाबूत होता. फक्त त्याच्या कमरेभोवतीचा रेशमाचा धागा एका बाजूने तुटला होता आणि तो शेपटीवर लोंबत होता.

"पदर दाखवा," भाऊजी म्हणाले. माझ्या पदराच्या टोकातून त्यांनी नखाने नेमका एक धागा सर्रकन ओढून काढला आणि कोशाला अलगद झोळी बांधली. फांदी बाटलीत उभी करून माझ्या ओट्यावर ठेवली. "आता ह्याका काय करू नका," ते म्हणाले. "पुसू पण नका!"

शुक्रवारी सकाळी चहा उकळत असताना कोश फुटला! आम्ही चौघं ओट्याभोवती जमलो. आधी ओल्या चुरगळलेल्या चिंधीसारखं काहीतरी बाहेर आलं. मग ती चिंधी उलगडत गेली, काळी, त्यावर फिकट पिवळे ठिपके, आणि खाली एकेक लाल ठिपका. मी पन्नाशीला आले होते आणि मी पहिल्यांदाच काहीतरी बघत होते.

"अहो, काढा ना! नऊ वाजले!" वहिनी कळवळून म्हणाल्या.

भाऊजी हात मांडीवर ठेवून बसलेले. फुलपाखराने पंख दोनदा मिटले, उघडले आणि ते खिडकीतून गेलं. तेव्हा कुठे पेन्सिल कानावरून उतरली. पण काढला काय, तर रिकामा कोश आणि त्याला धरून ठेवणारे दोन धागे!

"फुलपाखरू कुठे आहे?" मी विचारलं.

"तां गेला. जां ऱ्हवला, तां काढलंय."

ते उशिरा मालाडला गेले. वहिनींनी दिवसभर तोंडात घास घेतला नाही. संध्याकाळी भाऊजी फाटकातून हसतच आत आले. कारखान्याच्या शेठने कागद उलटा धरला होता आणि तो म्हणाला होता, "अरे धुरी, नवीन टाईपची कैरी! झकास! पण ह्या दोन दोऱ्या कशाला?"

"मी सांगलंय, बांधून ठेवूक, शेट. नायतर उडान जातली."

काम मिळालं. ज्या माणसाने जन्मभर कैरी काढली नाही, त्याला कैरीनेच घर राखून दिलं! पुढे डोळे अधू झाले तेव्हा ते गावी गेले आणि तिथेच वारले. वहिनींनी लिहिलं होतं, शेवटी दिसेनासं झालं तरी येणाऱ्या-जाणाऱ्याला विचारत, 'आज काय बघलंस?' आणि उत्तर ऐकताना बोटांनी चादरीवर चौकटी मोजत.

मी नंतर वर्गात कवितेआधी मुलांना बाहेर काढू लागले. काहीतरी बघून या, मग पुस्तक उघडू. काही जणांनी तर पुस्तक उघडायच्या आधीच स्वतःच्या चार ओळी लिहून आणल्या, आणि त्या माझ्या अर्थांपेक्षा कितीतरी बऱ्या होत्या.

त्या काठाची पहिली साडी भाऊजींनी मला दिली होती. रेवा, ती तुझ्या पार्सलमध्ये घातली आहे. काठ खिडकीशी धरून बघ. प्रत्येक कोशाला दोन धागे आहेत, एक पिवळा रेशमी आणि एक जाडसर पांढरा. तो पांढरा माझ्या पदरातला.

माझ्या कढीपत्त्याची खाल्लेली पानं मी आता कापत नाही. आणि रविवारी फोनवर 'जेवलात का?' याच्याआधी मी जे विचारते, ते कुणाचं आहे हे आता तुम्हाला कळलं. 'काही नाही' म्हणू नका. आणि कावळा म्हणालात, तर चोच नीट बघून ठेवा.