बाबांच्या हजेरीची साक्ष

माझे बाबा मध्य प्रदेशात कटंगीजवळच्या आमच्या गावात पंचायतीचा पंप चालवतात. पहाटे टाकी भरायची आणि सहा वाजता वाल फिरवून गावाला पाणी सोडायचं, हे त्यांचं काम. एका वर्षी त्यांचा पगार थांबला. विचारायला गेलं की सचिव म्हणायचे, निधी आला नाही. असे अकरा महिने गेले. माय लोकांच्या धानाच्या बांधीत रोवणी-कापणीला जाऊन घर चालवत होती.

"दोन दिस पाणी बंद कर ना," लोक बाबांना सांगायचे. "आपोआप पैसे निघतीन."

बाबा ऐकायचे नाहीत. "पगार पंचायतीनं रोकला. बाया काहून तहानल्या राहतीन?"

मी तेव्हा बालाघाटला कॉलेजात शिकत होते. तिथे एका शिबिरात वकीलबाईंनी सांगितलं, की काम करून घेतलं तर मजुरी द्यावीच लागते, पंचायत असो की कोणी. तिजोरीत पैसा नाही, ही सबब चालत नाही. मी त्याच आठवड्यात घरी आले आणि श्रम कार्यालयासाठी अर्ज लिहिला. हिंदीत लिहिला. मराठी आमच्या घरातली, कागदावर हिंदीच उतरते. बाबांनी तो दोनदा वाचून घेतला आणि एका शब्दावर बोट ठेवलं.

"हे 'कृपा' कायले लिहिलं? कृपा मागून राह्यलो का मी?"

मी अर्ज पुन्हा लिहिला.

श्रम कार्यालयातल्या पहिल्या पेशीला, म्हणजे सुनावणीला, सचिवांनी हजेरीचं रजिस्टर पुढे ठेवलं. त्यात बाबांची एकही सही नव्हती. हा माणूस कामावर येतच नव्हता, ते म्हणाले. बाबांसमोर ते रजिस्टर कधी कोणी उघडलंच नव्हतं. परतीच्या बसमध्ये मला वाटलं, अर्ज लिहून मीच त्यांना खोटं पाडलं.

मायने मात्र दुसऱ्या दिवशी नळावर सगळी हकिगत सांगितली. पुढच्या पेशीला आमच्यासोबत सात बाया बसमध्ये चढल्या. ठेवणीतली लुगडी, पिशवीत भाकर-चटणी. त्यातल्या चौघींनी सरकारी दफ्तर आतून पाहिलंच नव्हतं.

अधिकाऱ्यांनी सगळ्यात वयस्कर बाईला विचारलं, "आपको कैसे पता कि ये रोज़ काम पर आते थे?"

"साहेब, नळाले पाणी येत होतं ना! त्याच्या बिगर कोन सोडन?"

मागून दुसरी उठली. "एक दिवस उशीर झालता, जी. मी याले लय शिव्या देल्या. मंग समजलं का याले ताप होता, अन् तसाच आलता."

बाबा खाली मान घालून हसत होते. अधिकाऱ्यांनाही हसू आवरेना. मग ते सचिवांकडे वळले.

"आपके घर नल है?"

"जी, है।"

"पानी आता है?"

"आता है, साहब।"

"रोज़?"

सचिव रजिस्टर चाळू लागले. सातही बाया एकदम म्हणाल्या, "हौ, रोज!"

पुढच्या महिन्यात आदेश निघाला. अकराही महिन्यांचा पगार द्यायचा आणि हजेरीवर रोज सही घ्यायची. पैसे बँकेत आल्याचा मेसेज मी बाबांना वाचून दाखवला. त्यांनी मोबाईल हातात घेऊन स्वतः एकेक अंक वाचला, आणि मला म्हणाले, "चाल, बाजारात जाऊ. आंबे आनू."

त्या रविवारी मायने अंगणात चूल मांडली आणि सातही जणींना रोट्या आणि आमरस खायला बोलावलं. वाढायला बाबा उभे होते. शिव्या देणारी बाई दर वाटीगणिक "पुरे" म्हणत होती आणि वाटी पुढे करत होती.