डबल बेल

दुपारची जेवणं झालीत. तासगावातल्या एका शाळेच्या वर्गात मी सतरंजीवर आडवी पडलेय, उशाला कॅमेऱ्याची बॅग. चार वाजता बायकांचा बँड बोळातून वाजत निघणार, आणि माझ्या फिल्मचा शेवटचा शॉट तोच. खरं तर त्यांच्यापुढे उलटं चालत तो एका दमात घ्यायला हवा. पण अण्णा गेल्यापासून मी उलटी चालत नाही. एकदा चालले, ती थेट गटारात. तेव्हापासून कोपऱ्यावर स्टँड लावते आणि मोकळी होते. आजही तेच करायचं ठरवलंय. डोळे जड होतात.

मागून कुणीतरी माझा शर्ट मुठीत धरतं.

"मागं बघू नगंस," अण्णा म्हणतात. "मागं मी हाय."

अण्णा म्हणजे माझे वडील, विटा डेपोतले कंडक्टर. शूटिंगही मी एकटीच करते, एडिटिंगही एकटीच. रिटायर झाल्यावर अण्णा माझ्या पाठीमागचे डोळे झाले. एसटी रिव्हर्स घ्यावी तसे मला मागे घ्यायचे. पाठीवर एक टपली म्हणजे थांब, दोन म्हणजे चल.

"येऊ द्या, येऊ द्या."

मी कॅमेरा उचलते. वर्ग लांबत जातो आणि आम्ही विट्याच्या एसटी स्टँडवर असतो. फलाटावरून बँड माझ्याकडे येतोय, फेटे बांधलेल्या बायका, गाल फुगलेले. मला हसू आवरत नाही.

"कॅमेरा हालतोय," अण्णा म्हणतात.

"हालू द्या."

आता आमचं स्वयंपाकघर. ट्रम्पेटवाल्या बायका ओट्याला वळसा घालून येतात.

"सहा फिल्मा केल्यास. माझा आवाज एकीत बी न्हाई."

"भर शॉटमध्ये शिट्टी मारायचात, अण्णा. पुसता पुसता जीव जायचा माझा."

"पुसताना ऐकायचीस का?"

"शंभरदा."

"मग पाठ झाली असंल की." ते खुशीत हसतात. "पायरी हाय. उतर."

पायरी उतरते ती थेट बोळात. दोन्हीकडे गटार, मधे मी. किती दिवसांनी अशी चालतेय. फार बरं वाटतंय.

"अण्णा, चार वाजता मला कोण धरणार?"

पाठीवर दोन टपल्या पडतात.

जाग येते तेव्हा पावणेचार झालेत. अंगणात कुणीतरी क्लॅरिनेट लावून बघतंय. जेवताना नीट खोचलेला माझा शर्ट मागून बाहेर आलाय, आणि तेवढाच भाग मुठीत धरल्यासारखा चुरगळलाय. झोपेत कूस बदलली असेल, असं कुणी म्हणेल. मी म्हणणार नाही.

स्टँड वर्गातच ठेवून मी बाहेर येते. बँडची म्होरकी हिराक्का माझ्या हातातल्या बिनस्टँडच्या कॅमेऱ्याकडे बघते.

"उलटी चालणार व्हय? मागं धरायला हाय का कोण?"

"हाय," मी म्हणते. शर्ट तसाच बाहेर ठेवते आणि पहिलं पाऊल मागे टाकते.