जुनं दुखणं

वच्छलाबाई गावची सुईण होती. घाटाखालच्या त्या गावातली निम्मी पोरं तिच्या उजव्या हातावर जन्मली होती. पोटावरून हात फिरवला की मूल आडवं आहे की सरळ, ते तिची बोटंच सांगत.

महाराष्ट्र राज्य होऊन तीन-चार वर्षं झाली असतील. बाजाराला वांगी नेताना बैल बिथरले, गाडी कलंडली आणि तिचा उजवा कोपर मोडला. नवऱ्यानं, पुंजाजीनं, तिला एसटीत घालून घाट चढून बुलढाण्याला नेलं. तिथल्या एका धर्मादाय दवाखान्यात डॉक्टरांनी हाड बसवून प्लास्टर घातलं आणि पुन्हा दाखवायला बोलावलं.

दुसऱ्या खेपेला खिडकीवरच्या कारकुनानं तिच्या कागदावर 'जुना' असं लिहिलं. 'नवा' लिहिलेला पेशंट डॉक्टरांकडे जाई, 'जुना' लिहिलेला मलमपट्टी करणाऱ्या ड्रेसरच्या खोलीत. गर्दीच तेवढी असे.

"भाऊ, बोटं मेल्यावानी झाली," ती ड्रेसर रंगरावला म्हणाली. "चिमटा घेतला तरी कळत नाही मले."

"प्लास्टरात होतंच तसं, बाई. निघालं की बरं होईल."

रंगराव माणूस वाईट नव्हता. तो दर खेपेला तेच सांगायचा, तेही मायेनं. प्लास्टर निघालं तेव्हा बोटं आकडलेलीच राहिली. त्यानं तेल चोळायला सांगितलं. पुंजाजी खिडकीशी जाऊन भांडला.

"आमाले डाक्टरले दाखवाचं हाय!"

"दुखणं तेच ना? मग जुनंच," कारकून म्हणाला.

शेवटी वच्छलाबाई खोटं बोलली. पोटात दुखून राह्यलं म्हणाली. लगेच 'नवा' कागद मिळाला. डॉक्टर पोट तपासायला वाकले, तसा तिनं हात पुढं केला. त्यांनी बोटांना टाचणी टोचली. ती त्यांच्या तोंडाकडेच बघत राहिली.

"प्लास्टर होतं तेव्हापासून असंय?"

"हाव."

"मग तेव्हाच का नाही आलात?"

"दर खेपेले आली, साहेब. तिकडच्या खोलीत धाडत होते मले."

डॉक्टरांनी टाचणी खाली ठेवली. मग म्हणाले, "नस दबली होती, बाई. तेव्हा मोकळी केली असती तर काही जमलं असतं. आता उशीर झाला." त्यांनी कारकुनाला बोलावून खूप झापलं. पण बाहेर रांग होती, आणि ती निघाली तेव्हा खिडकीवर पुन्हा 'जुना' लिहिणं चाललेलंच होतं.

त्या हिवाळ्यात शेजारचे महादेवराव भर दुपारी धावत आले. त्यांची सून अडली होती. वच्छलाबाई गेली. डावा हात पोटावर ठेवला, मग उजवा ठेवून पाहिला. लाकूड ठेवल्यासारखा.

"मले काही उमजत नाही," ती म्हणाली. "गाडी जुंपा. मोताळ्याच्या दवाखान्यात न्या लवकर."

सून वाचली. मूल वाटेतच गेलं.

कोणी तिला बोल लावला नाही. उलट सूनच एकदा येऊन तिच्याजवळ बसून गेली. पण त्यानंतर बाळंतपणाला तिच्या दारी कोणी आलं नाही. बारशाची बोलावणी मात्र येत, कारण पूर्वी पाळण्यात मूल तीच घालायची. ती उठायची नाही. पुंजाजी दारातूनच सांगायचा, "तिले बरं नाही," आणि आत येऊन तिच्या ताटात भाकर कुस्करून द्यायचा.