खेळातली सव्वा मूठ

आषाढ लागला की माझ्या दुकानात शुकशुकाट होतो. लग्नपत्रिका, वास्तुशांतीची आमंत्रणं, दशक्रियेच्या चिठ्ठ्या आणि निवडणुका आल्या की फ्लेक्स, एवढ्यावर आमचं जळगावातलं डीटीपीचं दुकान चालतं. दशक्रियेला मोसम नसतो, पण तेवढ्यानं दिवस भरत नाही. अशाच एका रिकाम्या पावसाळ्यात मी गेम बनवायला शिकले. या वयात कसं काय, असं कोणी विचारलं तर मी सांगते, की जी बाई पत्रिकेवरचा गणपती माउसनं ओढून काढते तिला जातं आणि चूल काढणं अवघड नाही. बाकीचं व्हिडिओ बघून जमतं.

विषय शोधावा लागला नाही. श्रावण तोंडावर होता आणि सासरी कानबाईच्या रोटांची तयारी सुरू झाली होती. कानबाई खानदेशात घरोघर बसते. श्रावणातल्या एका रविवारी तिला पुरणाचा नैवेद्य होतो, त्याला रोट म्हणतात. आमच्या कुळात त्याचे गहू मोजायची रीत ठरलेली आहे. घरातल्या प्रत्येक पुरुषामागे सव्वा मूठ. काल जन्मलेला मुलगा असला तरी त्याची मूठ पडते. बायका त्यात धरत नाहीत. त्या गव्हाचं जे होईल ते कुळातल्यांनीच खायचं, बाहेरच्याला घास द्यायचा नाही, उरलंसुरलं जमिनीत पुरायचं. सुना खातात, कारण त्या घरात आल्या. लेकी खात नाहीत, कारण त्या घरातून गेल्या. त्यांना कानबाईला माहेरी आणतात, साडी नेसवतात आणि बाहेरच्या खोलीत दुसऱ्या गव्हाच्या पोळ्या वाढतात.

मी मुक्ताईनगरकडची. माझ्या माहेरी प्रसाद म्हणजे जो दारात येईल त्याच्या हातावर ठेवायचा. सासरी येऊन इतकी वर्षं झाली, रीत पाठ झाली, पण खेळ करताना हात माहेरचाच चालला असावा.

खेळ साधा होता. सूप घ्यायचं, गहू निवडायचे, जात्यावर दळायचे, चौरंग मांडायचा, नारळाला नथ घालून कानबाई सजवायची, पुरण शिजवायचं. चुकलं की एक आवाज रागावायचा. तो आवाज माझ्या मोठ्या नणंदेचा. तिला धुळ्याला दिली आहे, आता नवरा नाही, मुलं बाहेरगावी. घरात सगळे तिला अक्का म्हणतात. तिच्या स्वयंपाकघरात बसून मी मोबाइलवर तिचं बोलणं रेकॉर्ड केलं. शुद्ध बोलायचं तिनं साफ नाकारलं, बोलली ती आपल्या अहिराणीतच. नैवेद्य दाखवायच्या आधीच पुरणाला बोट लावणाऱ्याला ती म्हणायची, "निवद दखाडाना पहिले चाखतस का व माय?" हे ऐकायला मिळावं म्हणून लोक मुद्दाम पुरण चाखायचे.

आणि सुरुवातीला खेळ नाव विचारायचा. नाव लिहिलं की त्या नावानं सव्वा मूठ गहू सुपात पडायचे आणि शेवटी त्याच नावाचं ताट मांडलं जायचं. खेळणाऱ्याला आत घेतलं नाही तर तो खेळणार कशाला? मला ती बाब तंत्राची वाटली, देवाची नाही.

अक्कानं पहिल्यांदा खेळ खेळला तेव्हा मी शेजारीच होते. नाव लिहायची जागा आली. तिनं चष्मा पुसला आणि एकेक अक्षर शोधत नाव लिहिलं, आडनाव माहेरचं लावलं. गहू पडले. आता कुठे दाबू, तिनं विचारलं. नंतर दुपारची जेवणं आटोपली की ती रोज खेळायची आणि कधीमधी फोन करून सांगायची, "आज बी जेवनू."

ज्या साइटवर मी तो खेळ ठेवला ती परदेशातली. छोटे छोटे लोक आपले गेम तिथे फुकट ठेवतात. प्रत्येक गेमला आपलं एक पान मिळतं. वर चित्र, खाली माहितीच्या चार ओळी, खेळायचं बटण आणि त्याखाली लोकांचे अभिप्राय. मला वाटलं होतं दहापाच जण बघतील. पण सुरत, नाशिक, पुणे, कुठे कुठे गेलेली खानदेशी माणसं तिथे जमायला लागली. बहुतेक जण आमच्याकडे गहू असे मोजतात, तुमच्याकडे तसे का, यावर वाद घालायचे. सुरतेच्या एका बाईनं लिहिलं होतं, की तिची आई आता घरातल्या कोणालाच ओळखत नाही, पण अक्काचं रागावणं ऐकलं की उत्तर देते, "मी नही चाखं."

पुढच्या वर्षी आषाढात भाऊबंदांत एक चुलत सासरे गेले. सूतक आलं की आमच्याकडे त्या वर्षीचे रोट बंद. दशक्रियेला आम्ही सासरी, पारोळ्याजवळच्या गावी होतो. जेवणं झाल्यावर ओट्यावर कोणाच्या तरी फोनमधून अक्काचा आवाज आला आणि माझ्या थोरल्या दिरांनी, म्हणजे नानांनी, तो फोन मागून घेतला.

नाना माझ्याशी थेट बोलत नाहीत. थोरला दीर आणि धाकट्याची बायको यांच्यात आमच्याकडे तेवढा आडपडदा असतो. ते माझ्या नवऱ्याला सांगतात, मी नवऱ्याला उत्तर देते, आणि तिघं एकाच खोलीत असतो. नवरा मधल्यामध्ये दोन्हीकडे मान वळवत बसतो.

"तिले इचार," नाना म्हणाले, "घरमा सूतक शे, रोट बंद शेतस. मंग फोनवर कोना रोट चालू शेतस?"

मी नवऱ्याला म्हटलं, की सांगा, ते पान झाकून ठेवता येतं. सूतक आहे तोवर झाकते, पुढच्या वर्षी उघडते. नाना हसले. दुकाननं शटर शे का ते, असं त्यांनी माझ्या नवऱ्याला विचारलं. मग त्यांनी किती माणसांची नावं त्यात पडली ते विचारलं. मी खरं ते सांगितलं. पान किती जणांनी उघडलं ते मला दिसतं, कोणी काय नाव लिहिलं ते दिसत नाही.

नानांनी फोन खाली ठेवला. चिडले असते तर बरं झालं असतं, चिडलेल्या माणसाशी मला बोलता येतं. पण ते शांतपणे समजावून सांगायला लागले, भाऊबंदांच्या बैठकीत वाटणीचं समजावतात तसे. "ज्याना नावनी मूठ पडनी तो भाऊबंद व्हयना. त्याना घर कोनी मरनं तं सूतक आपले. सुरतमा कोन मरनं, पुनामा कोन मरनं, हाई तिले कोन सांगी?"

मी म्हटलं, ते गहू खरे नाहीत, चित्र आहे. नवऱ्यानं ते सांगायच्या आतच नानांचं उत्तर आलं, "मंग नाव कसाले इचारस?"

पत्रिकेत मान कोणाचा आणि नाव कुठल्या ओळीत यावरून मी उभं आयुष्य लोकांची भांडणं सोडवली आहेत. नाव छापलं की माणूस त्या मांडवातला होतो, हे मीच गिऱ्हाइकाला सांगत आले.

नाना काढून टाका असं म्हणाले नाहीत. सगळ्यांचं सूतक पाळता येत असेल तर ठेवा, एवढंच म्हणाले. मग त्यांनी विचारलं, अक्कानं बी नाव टाकं का. मी नवऱ्याकडे बघितलं, नवऱ्यानं जमिनीकडे. ते त्यांना पुरलं.

"मंग पुढला साल मी तिले काय म्हनीसन आनू?" ते म्हणाले. "लेक म्हनीसन का भाऊबंद म्हनीसन?"

कानबाईला माहेरी आणतात ते लेकींनाच, आणि दर वर्षी नाना स्वतः धुळ्याला जाऊन अक्काला घेऊन येतात. नवरा गेल्यानंतर तिचं माहेर म्हणजे तेवढेच दिवस. हे त्या ओट्यावरच्या प्रत्येकाला माहीत होतं.

असल्या गोष्टी मला फोनवर जमत नाहीत. दोनतीन दिवसांनी मी एसटीनं धुळ्याला गेले. अक्का वांगी भाजत होती. मी घडलं ते सगळं सांगितलं, नानांचा प्रश्नही त्यांच्याच शब्दांत. तिनं वांगं उलटलं, हात पुसले आणि म्हणाली, "काढी टाक."

मी म्हटलं, काढायची गरज नाही. नाव विचारणं आणि ताट मांडणं तेवढं कापते, बाकी खेळ राहू देते. तिचा आवाजही राहील, सुरतेची म्हातारीही उत्तर देत राहील. तिनं माझ्याकडे बघितलं, जशी ती गहू न निवडता दळायला घेतलेल्या सुनेकडे बघते.

"नाव नही तं काय शे त्यामा?"

मग फोन हातात घेऊन ती शेवटचं खेळली. दळलं, शिजवलं, कानबाईला नथ घातली. पुरण मात्र चाखलं नाही. शेवटी तिच्या नावाचं ताट आलं तेव्हा तिनं ते थोडा वेळ तसंच राहू दिलं, आणि फोन माझ्या हातात देऊन भरताला फोडणी द्यायला उठली.

पान काढायला काहीच लागत नाही. साइट एकदा विचारते, नक्की का. मग हे परत येणार नाही असं सांगते आणि खात्रीसाठी खेळाचं नाव लिहायला लावते. मी तिथेच बसून माझ्या फोनवरून लिहिलं, बटण दाबलं, पान गेलं. पत्रिकेतली एक वेलांटी सुधारायला मला याहून जास्त वेळ लागतो. त्यानंतर आम्ही भरीत-भाकरी खाल्ली. मिरची झणझणीत होती आणि त्यावर आम्ही बरंच बोललो.

परतताना गाडी पारोळ्याला थांबली तेव्हा लक्षात आलं, की पानाबरोबर अभिप्रायही गेले. खेळ माझ्या कॉम्प्युटरवर होता, अक्काचा आवाज होता, चित्रं होती. लोकांनी लिहिलेलं मात्र त्या पानावरच होतं आणि ते मी उतरवून घेतलं नव्हतं. मी मोडलेल्या लग्नांच्या पत्रिकासुद्धा जपून ठेवते, न जाणो पुन्हा लागतील. इथे मला सुचलं नाही. सुरतेच्या त्या बाईचं नाव काय, ती कुठे राहते, मला काही माहीत नाही. तिनं पुन्हा एखाद्या दुपारी आईसमोर फोन धरला असेल आणि काही लागलं नसेल. तिला कारण सांगायला मला जागाच उरली नाही.

काढायला नको होतं, असं मी म्हणत नाही. आठवडाभर थांबले असते, एवढंच वाटतं. खेळाच्या पानावर दोन ओळी लिहिल्या असत्या, की पान बंद होणार आहे, ज्यांना आवाज हवा त्यांनी कळवा. दशक्रियेची चिठ्ठीसुद्धा आधी वाटतात.

पुढच्या श्रावणात रोट झाले. नाना धुळ्याला जाऊन अक्काला घेऊन आले, लेक म्हणूनच. रविवारी सकाळी त्यांनी गहू मोजले. एका पुतण्याला नुकताच मुलगा झाला होता, त्याचीही मूठ पडली. अक्का उंबऱ्याशी बसून बघत होती आणि सूप तिरपं धरलंय म्हणून नानांना रागावत होती. त्यांनी ते सरळ केलं.

आत आमची पंगत बसली तेव्हा बाहेरच्या खोलीत लेकींना वाढायला मी गेले. अक्का पहिल्या पाटावर होती. ताटात दुसऱ्या गव्हाची पोळी होती. तिचा फोन शेजारी होता आणि त्यावर खेळाचं जुनं चित्र अजून होतं, खेळ पटकन उघडावा म्हणून मीच कधीतरी पडद्यावर पुढे ठेवून दिलेलं. दाबलं की पान सापडत नाही, एवढंच येतं. मी हळूच म्हटलं, माझ्याकडे खेळ आहे, तुमच्या एकट्यांच्या फोनवर टाकून देते, साइट नको, कोणाला कळायचं नाही.

"नको," ती म्हणाली. "भाऊनी माले आनं ना."

मग ते चित्र तरी पुसून टाकते म्हणून मी फोन उचलला. तिनं तो माझ्या हातातून घेतला आणि मांडीखाली ठेवला.

"ऱ्हाऊ दे. उघडत नही ते माले माहीत शे. तूप वाढ."