देवीसाठी

पेठ रोडवर माझ्या शिलाईच्या दुकानाशेजारी एक मुलगी भुताच्या सिनेमांसाठी मुखवटे आणि तुटके हात बनवते. बोटं कायम रबराने माखलेली, म्हणून चहाचा कप दोन मनगटांत धरते. मुखवट्यांशीही बोलते, "हलायचं नाही हं, आजी."

या वेळी हडळ करायची होती. समोर मेथी विकणाऱ्या मावशींची गालफडं बसलेली, म्हणून तिने त्यांच्या चेहऱ्याचा साचा घेतला. "कशाला गं?" मावशींनी विचारलं. "देवीसाठी," ती म्हणाली.

काल मावशी बघायला आल्या. त्यांना रस्ता ओलांडताना पाहून तिने मुखवट्याचे सुळे उपटून खिशात घातले, कपाळावर कुंकू फासलं आणि माझी लाल ओढणी त्या झिपऱ्यांवर टाकली. मावशींनी चपला बाहेर काढल्या. आपल्याच चेहऱ्याला हात जोडले. "लय गोड झाली गं," म्हणाल्या आणि मेथीची जुडी पुढ्यात ठेवून गेल्या.

मुखवटा न्यायला संध्याकाळी गाडी येणार होती. तिने खिशातून सुळे काढले, बराच वेळ नुसते हातात धरले. मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "ताई, तुम्ही बसवता का?"

मी मशीनवर जाऊन बसले.

सुळे शेवटी तिनेच बसवले. मेथी मात्र दोघींपैकी कुणीच घरी नेली नाही.