पहिल्या बरणीतली चिमूट

मडिवाळप्पाला नसत्या चौकशा करायची भारी खोड. नांदेडातल्या एका सरकारी कचेरीत तो अन्नाचे नमुने सीलबंद करायचा. बरण्या धुवायच्या, वाळवायच्या, माल भरला की दोरा आवळून लाखेचा ठसा मारायचा. काम एवढंसं, पण प्रश्न शंभर!

"दुधाच्या बाटलीत औषधाचे थेंब टाकता, मग तेलात का न्हाई, मॅडम?"

अन्न निरीक्षक मंजुश्रीबाई कावून जायच्या. "अप्पा, तुम्ही नोकरी करून राहिलात का माझी परीक्षा घेऊन राहिलात?"

तर झालं असं. मुखेडच्या सिंधुबाईंच्या गिरणीतली हळद नापास झाली. राख जास्त निघाली. केसभरच, पण कायद्याला केसही पुरतो. गावभर बोभाटा झाला. बारा वर्षांची गिऱ्हाइकं तोंड फिरवून शेजारच्या गिरणीत जाऊ लागली. फेरतपासणीच्या अपिलाची मुदत बाईला कळेपर्यंत उलटून गेली होती. आता सुनावणी हरली की परवाना गेला आणि गिरणीला कुलूप.

सुनावणीच्या आदल्या दिवशी फाईल बांधताना अप्पाला राहवलं नाही. "मॅडम, हळदीत राख कुठून येती हो?"

"माती असते, रेती असते. अ‍ॅसिडात टाकली तरी विरघळत नाही." बाईंनी वैतागून मान वर करून त्याच्या कपाळाकडे बोट केलं. "ते तुमचं भस्म आहे ना, तसलंच काहीतरी."

अप्पाचा हात कपाळाकडे गेला. उदगीरकडची त्याच्या घरची रीत, भांडं कामाला काढायचं ते रिकामं काढायचं नाही. दिवसाच्या पहिल्या बरणीत तो चिमूटभर विभूती सोडायचा. देवाची विभूती, तिला घाण कोण म्हणेल? त्या दिवशी सुरुवातच सिंधुबाईंच्या हळदीनं झाली होती, चार बरण्या भरल्या होत्या. पहिली प्रयोगशाळेत गेली, बाकीच्या कपाटात सीलबंद होत्या.

दुसऱ्या दिवशी व्हरांड्यात सिंधुबाईंनी त्याला गाठलं. "दादा, बरण्या नीट धुतल्या व्हत्या ना?"

"धुतल्या व्हत्या, ताई." खरंच बोलला बिचारा, पण बाईच्या तोंडाकडं बघायची हिंमत झाली नाही.

आत सुनावणी घेणाऱ्या साहेबांनी नेहमीचा प्रश्न टाकला, "बरणी स्वच्छ, कोरडी होती?"

'हाव, साहेब' म्हणायचं आणि खाली बसायचं, एवढंच होतं. नोकरीही राहिली असती.

"स्वच्छ व्हती, साहेब. पण रिकामी नव्हती."

मग त्यानं सगळं सांगितलं. मंजुश्रीबाईंनी कपाळाला हात लावला. सिंधुबाईंचा वकील तर खुर्चीतून अर्धा उठला! "माझ्यावर इसवास ठेवू नका," अप्पा म्हणाला, "दुसरी बरणी तपासा."

साहेबांनी तपासायला लावली. महिन्याभरानं अहवाल आला, हळद चोख निघाली. सिंधुबाई सुटल्या. अप्पाच्या हातात चौकशीची नोटीस पडली.

सिंधुबाई पेढे घेऊन कचेरीत आल्या. "दादा, तुमच्यामुळं अब्रू वाचली."

"माझ्यामुळंच गेली व्हती, ताई."

पेढा त्याच्या हातातच राहिला. बाई गेल्यावर तो मंजुश्रीबाईंच्या टेबलापाशी येऊन उभा राहिला.

"मॅडम, मला हितं अकरा वर्षं झाली. रोज एक पहिली बरणी व्हती." त्यानं पेढा टेबलावर ठेवला. "त्यातल्या राख तपासत्यात त्या मसाल्याच्या किती, आन् ती माणसं आता कुठं असतील हो?"

इतक्या वर्षांत अप्पाच्या प्रश्नावर मंजुश्रीबाई पहिल्यांदा चिडल्या नाहीत. उठून त्यांनी जुन्या रजिस्टरांचं कपाट उघडलं.